सव्वा मूठ : बोरीकाठच्या एका भाऊबंदकीचे प्रकरण

अमळनेर तालुक्यातील बोरी नदीकाठच्या एका गावात ११ ऑगस्ट २०२४ रोजी, म्हणजे नागपंचमीनंतरच्या पहिल्या रविवारी, कानबाई देवीच्या रोटांचे, म्हणजे नैवेद्याच्या पोळ्यांचे, दळण चक्कीवरून न दळताच घरी परत आले. दळण एकाच कुळातल्या दोन घरांचे होते. चक्कीत पहिले दळण कोणाचे पडायचे, यावरून पहाटे सुरू झालेला वाद उजाडेपर्यंत इतका वाढला, की चक्कीवाल्याने मोटार बंद करून शटर ओढून घेतले. त्याच संध्याकाळी या दोन घरांच्या कानबाईच्या दर्शनाला सारे गाव लोटणार होते. गावच्या तंटामुक्त समितीचा सदस्य या नात्याने मी या प्रकरणात सुरुवातीपासून होतो. गावाचे व माणसांचे नाव न घालता ते पूर्ण लिहून ठेवणे मला आवश्यक वाटते, कारण भाऊबंदांचे तंटे मिटवताना आपण ज्या वाटेने सवयीने जातो ती वाट इथे उपयोगी पडली नाही, आणि जी पडली ती रोटांच्या विधीतच होती.

कानबाई हा खानदेशातील कुळाचा उत्सव आहे. श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी देवीची स्थापना होते, रात्रभर अहिराणी गाणी म्हणत जागरण होते आणि सोमवारी वाजतगाजत नदीवर विसर्जन होते. कलशावरचे नारळ हीच देवी. तिला नथ, दागिने, ओढणी घालून चौरंगावर, केळीच्या खांबांमध्ये बसवतात. एरवी पोटापाण्यासाठी सुरत, नाशिक, पुणे, कल्याण येथे पांगलेली माणसे या दोन दिवसांसाठी गावी येतात, आणि ज्या घरी एरवी चार माणसांचा स्वयंपाक होतो तिथे पुरणपोळी, खीर, कटाची आमटी आणि गंगाफळाच्या भाजीच्या पंगती बसतात.

रोटांचे धान्य मात्र किलोने मोजले जात नाही. घरातल्या प्रत्येक पुरुषाचे नाव घेऊन त्याच्या नावाने सव्वा मूठ गहू आणि चण्याची डाळ घेतली जाते. घरोघरच्या पद्धतीत थोडाफार फरक असतो, परंतु नाव घेऊन मूठ टाकणे हा विधीचा गाभा आहे. सैन्यात असलेल्या नातवाचे नाव घेतले जाते, तसेच आठवड्यापूर्वी जन्मलेल्या बाळाचेही घेतले जाते. दळणासाठी चक्कीवाला आदल्या दिवशी चक्की धुऊन-पुसून ठेवतो, आणि तयार झालेले रोट अनेक घरांत कुळाबाहेर कोणाला दिले जात नाहीत. म्हणजेच या कुळात कोण कोण आहे याची वर्षातून एकदा, मोठ्याने आणि सर्वांसमक्ष मोजणी होते. प्रकरण समजून घेण्यासाठी ही एक गोष्ट पक्की ध्यानात ठेवली पाहिजे.

वादातील दोन घरे एका आजोबांची. थोरल्या घराचे कर्ते आबा अठ्ठ्याहत्तरीचे, धाकट्या घराचे कर्ते जिभाऊ त्यांच्याहून सहा वर्षांनी लहान. दोघे सख्खे चुलतभाऊ. जिभाऊंनी उमेदीची वर्षे सुरतेजवळ उधन्याला यंत्रमागावर काढली आणि नंतर ते गावी परतले. पूर्वी दोन्ही घरांची कानबाई एकच बसत असे. वीसेक वर्षांपूर्वी रोट वेगळे झाले आणि पन्नास पावलांच्या अंतरावर दोन कानबाया बसू लागल्या. तेव्हापासून या दोन घरांत जी चढाओढ चालली तिच्या हकिगती सांगताना गावकऱ्यांना आजही हसू आवरत नाही. थोरल्या घराने केळीचे पाच खांब लावले की धाकटे घर सात लावी, पुढच्या वर्षी थोरले घर नऊ लावी. शेवटी खांबांच्या गर्दीत देवीचे मुख दिसेना तेव्हा कुठे ही वाढ थांबली. धाकट्या घराने डीजे आणला म्हणून थोरल्या घराने संबळ-सनईवाले दुप्पट बोलावले. विसर्जनाची गल्ली एक ट्रॅक्टर जाईल एवढीच रुंद आहे. पुढे कोणी जायचे यावरून दोन्ही मिरवणुका दरवर्षी थोड्या लवकर निघू लागल्या, आणि एका वर्षी तर गाव जागे होण्यापूर्वीच दोन्ही कानबाया नदीवर पोहोचल्या होत्या. ग्रामपंचायतीच्या निवडणुकीत दोन्ही घरांतून एकाच प्रभागात एकेक उमेदवार उभा राहिला आणि तिसऱ्याच घराचा माणूस निवडून आला. त्या रात्री दोन्ही घरांत सारखाच शुकशुकाट होता, असे शेजारी सांगतात.

एकमेकांशी बोलत नसलेल्या या माणसांना एकमेकांच्या घरातली प्रत्येक बातमी असते, हेही इथेच नोंदवतो. आबांना रक्तदाबाची कोणती गोळी चालू आहे ते जिभाऊंना ठाऊक होते. जिभाऊंच्या नातवाला दहावीला गणितात किती गुण पडले ते आबांनी मला न विचारता सांगितले. ज्याच्याविषयी काही वाटत नाही त्याच्याशी माणूस केळीच्या खांबांची स्पर्धा करत नाही.

आता चक्कीवरचा प्रसंग. धाकट्या घराच्या मोठ्या सुनेने शनिवारी रात्रीच चक्कीच्या पायरीवर वेताची पाटी ठेवून नंबर लावला होता. थोरल्या घराची सून पहाटे पितळी डब्यात, नव्या फडक्याखाली झाकलेले धान्य घेऊन आली तेव्हा पायरीवर पाटी होती, पण पाटीत धान्य नव्हते आणि जवळ माणूसही नव्हते. नंबर धान्याचा असतो, पाटीचा नसतो, असे तिचे म्हणणे पडले. थोड्या वेळाने आलेल्या जावेचे म्हणणे असे, की रेशनच्या रांगेत पिशवी ठेवली तर तीच जाऊबाई तिला नंबर मानतात, मग देवीच्या कामाला पाटी का चालू नये. दोघींच्या म्हणण्यात तथ्य होते आणि दोघींच्या मागे आपापल्या घरच्या बायका येऊन उभ्या राहिल्या.

चक्कीवाला समंजस माणूस. त्याने एक खरी गोष्ट सांगून समजूत घालण्याचा प्रयत्न केला. चक्की कितीही धुतली तरी पहिल्या दळणातले पसाभर पीठ दगडांच्या मध्ये आणि तोंडाला बांधलेल्या कापडी नळीत राहते व ते दुसऱ्या दळणात पडते. म्हणजे पहिल्या नंबराचे पीठ थोडे कमी भरते आणि दुसऱ्याचे थोडे जास्त. हे ऐकताच धाकट्या घराची सून म्हणाली, “मग जाऊबाईंनाच पहिलं दळू द्या.” थोरली लगेच मागे सरकली. आपल्या वाट्याचे पसाभर पीठ त्या घराच्या रोटात जावे, हे तिला मान्य नव्हते. आतापर्यंत पहिल्या नंबरासाठी भांडणाऱ्या दोघी आता दुसऱ्या नंबरासाठी भांडू लागल्या. “तुमचं कूळ एकच, मिसळलं तर काय बिघडलं?” हे चक्कीवाल्याचे वाक्य अत्यंत योग्य होते, परंतु त्या घटकेला त्यानेच सर्वांत जास्त भडका उडाला, आणि त्याने शटर ओढले.

महाराष्ट्र शासनाने महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम १५ ऑगस्ट २००७ पासून सुरू केली. गावातले तंटे गावातच सामोपचाराने मिटावेत, हा तिचा हेतू आणि त्यासाठी ग्रामसभेतून समिती नेमली जाते. आमच्या समितीने त्या सकाळी नेहमीप्रमाणे हा वाटणीचा तंटा मानला. नाणे उडवावे, असे अध्यक्षांनी सुचवले. नाणे कोणी उडवायचे यावर ते अडले. एक वर्ष एका घराने आणि एक वर्ष दुसऱ्याने पहिला नंबर घ्यावा, असे सुचले. सुरुवात कोणापासून, यावर तेही अडले. अमळनेरच्या चक्कीवर एकाचे दळण न्यावे म्हटले, तर देवीचे धान्य शिवेबाहेर नेण्यास दोन्ही घरच्या म्हाताऱ्यांनी एकमुखाने नकार दिला. समितीतले सगळे अनुभवी होते, बांधाचे आणि पाण्याच्या पाळीचे अवघड वाद त्यांनी मिटवलेले होते. परंतु वाटणीने जे मिटते ते मुळात वाटण्यासारखे असावे लागते, आणि चक्कीवरचा नंबर तसा नव्हता.

म्हणून मी दोन्ही बाजूंना विनंती केली, की आज चक्कीवर काय झाले ते बाजूला ठेवा आणि एकमेकांविषयी जेवढ्या तक्रारी आहेत तेवढ्या सांगा. फक्त प्रत्येक तक्रारीचे वर्ष सांगा. नोंदवहीची तीन पाने भरली. १९८३ सालची पितळी परात सर्वांत जुनी निघाली: रोटांची कणीक मळायची ही परात धाकट्या घरून थोरल्या घरी गेली आणि परत आली नाही, असे जिभाऊंचे म्हणणे; ती मुळातच थोरल्या घरची होती आणि म्हणून स्वगृही आली, असे आबांचे. १९९१ च्या लग्नपत्रिकेत निमंत्रकांच्या यादीत जिभाऊंचे नाव भाच्यांच्याही खाली छापले गेले होते. त्यानंतरच्या लग्नात धाकट्या घराने पत्रिकेत आबांचे नाव अगदी वर टाकले, पण नावाआधीचे ‘श्री.’ वगळले. बांधावरची बाभूळ, आहेरात आलेले हलके पातळ, एका बारशाचे न आलेले बोलावणे, अशी ही यादी २०१६ च्या फ्लेक्सपर्यंत आली. त्या फ्लेक्सवरचे आबांचे छायाचित्र जिभाऊंच्या छायाचित्रापेक्षा चार बोटे मोठे असल्याचे टेपने मोजून सिद्ध करण्यात आले होते, आणि टेप धरणारा मुलगा त्या बैठकीत साक्षीला हजरही होता.

ही पाने वर्षांच्या क्रमाने वाचली तेव्हा दोन गोष्टी समोर आल्या. बाभूळ आणि पातळ सोडले तर बहुतेक तक्रारी नाव, नावाची जागा किंवा बोलावणे यांच्याविषयी होत्या. पैशाची अशी एकही नव्हती. आणि १९८३ च्या आधीची एकही तक्रार दोन्हींपैकी कोणाकडे नव्हती. त्याआधी ही दोन घरे एका विहिरीवर मोट हाकत होती, एकमेकांची बैलजोडी न विचारता नेत होती, त्यातले काहीही कोणाच्या मनात सलत नव्हते. त्यामुळे १९८२ च्या कानबाईला काय झाले, एवढाच प्रश्न मी विचारला.

दोघेही कर्ते गप्प राहिले. उत्तर आले ते ओट्यावर बसलेल्या आत्यांकडून. आत्या म्हणजे आबांची थोरली बहीण, वय ऐंशीच्या पुढे, वैधव्य आल्यापासून माहेरीच राहिलेल्या. त्या वर्षी मूठ टाकताना सूप त्यांनी धरले होते आणि नावे आबांची आई घेत होती. त्या वर्षी दोन नावे घेतली गेली नाहीत: एक जिभाऊंचे आणि दुसरे त्यांच्या त्याच उन्हाळ्यात जन्मलेल्या मुलाचे. जिभाऊंनी त्या वर्षी उधन्याला बिऱ्हाड केले होते. चूल वेगळी झाली म्हणजे रोटही तिथेच होतील, असा त्या माउलीचा सरळ हिशेब होता, आणि त्यात दुष्टावा नव्हता, हे आत्यांनी शपथेवर सांगितले.

जिभाऊंनी बराच वेळ काही उत्तर दिले नाही. मग ते फक्त “मन्हं नाव लिधं नही” एवढे म्हणाले, आणि त्या नंतर जे बोलले ते बेचाळीस वर्षांत त्यांनी घरातही कोणाला सांगितले नव्हते. उधन्याच्या त्या खोलीत चौरंग मांडायलाही जागा नव्हती. गावी आपली मूठ पडली असेल, या भरवशावर त्यांनी तिथे काहीच केले नाही. त्या रविवारी संध्याकाळी पोटभर भाकरी खाऊन ते रात्रपाळीला गेले. मूठ पडली नसल्याचे त्यांना पुढे दिवाळीत गावी आल्यावर एका लहान मुलाच्या तोंडून कळले. पुढच्या श्रावणापासून त्यांचे नाव पुन्हा घेतले जाऊ लागले. परंतु राहिलेल्या वर्षाविषयी कोणी एक शब्द काढला नाही. आबांनी यातले काही नाकारले नाही. ती गोष्ट त्यांनाही आठवत होती. जिभाऊ कधीतरी विषय काढतील म्हणून ते थांबले होते, आणि जिभाऊ आबा काढतील म्हणून थांबले होते. मला या प्रकरणातले सर्वांत मोठे दुःख याचे वाटते. परात, पत्रिका, फ्लेक्स यांवर दोन घरांनी जो कंठशोष केला, त्यातला एक दिवस जरी या एका वाक्याला मिळाला असता तर दोन पिढ्यांची मुले एकमेकांच्या अंगणात खेळली असती.

पुढचा तोडगा समितीने काढलेला नाही. “राहिलेली मूठ टाका, मग नंबराचं बघू,” असे जिभाऊंच्या पत्नी म्हणाल्या आणि सगळ्यांना ते एकदम पटले. चक्कीवाल्याने दळण परत पाठवले होते, ही गोष्ट आता उपयोगाला आली: धान्य अजून धान्यच होते. घेतलेली मूठ पुन्हा घेता येते का, असा रास्त प्रश्न निघाला. दळण झाले नाही तोवर मोडत नाही, असा निर्णय आत्यांनी दिला आणि त्या गावात या विषयातला त्यांचा शब्द शेवटचा असतो. नावे आबांनी घ्यायची आणि मूठ जिभाऊंनी टाकायची, हेही त्यांनीच ठरवले. जळगावला बँकेत असलेला आबांचा नातू बेचाळीस वर्षांच्या चक्रवाढीने त्या मुठीचे किती पोते होतील याचा हिशेब मोबाईलवर करू लागला होता, त्याला त्याच्या आजीने मोबाईल खिशात ठेवायला लावला.

एवढे धान्य एकत्र ओतायला भांडे हवे होते. आबांच्या माळ्यावरून ती परात खाली आली. वापरली तर कोणी तरी हक्क सांगेल, या भीतीने ती कित्येक वर्षे पालथी पडून होती. चिंच आणि राखेने घासल्यावर काठावरची कोरीव अक्षरे दिसू लागली. ते नाव ना आबांच्या वडिलांचे होते, ना जिभाऊंच्या. ते दोघांच्या आजोबांचे होते. दोन्ही बाजूंनी आपापल्या बापाचे नाव त्यावर स्वतःच्या डोळ्यांनी पाहिल्याचे अगदी तासाभरापूर्वीच समितीला सांगितले होते.

मग आबांनी खणखणीत आवाजात नावे घेतली. जिभाऊंचे नाव दोनदा घेतले आणि त्यांच्या मुलाचेही दोनदा. चार दिवसांपूर्वी डीजेची आगाऊ रक्कम देऊन आलेला हा बेचाळीस वर्षांचा गृहस्थ आपले नाव दुसऱ्यांदा ऐकताना मान खाली घालून उभा होता. स्वतःच्या नावाची राहिलेली मूठ टाकताना जिभाऊंनी ती इतकी गच्च भरली, की सव्वा मुठीच्या जागी दोन मुठी झाल्याचा आक्षेप थोरल्या घराच्या सुनेने तिथल्या तिथे नोंदवला. आत्यांनी तो ऐकून घेतला आणि फेटाळला. दळण एकच झाल्यामुळे नंबराचा प्रश्न उरला नाही. चक्कीवाल्याने शटर उघडले आणि दळणाचे पैसे घेतले नाहीत.

त्या रात्री कानबाया दोनच बसल्या, कारण दोन्हीकडे चौरंग आधीच मांडलेले होते. रोट मात्र एका परातीतल्या कणकेचे झाले. पुढच्या वर्षी, ३ ऑगस्ट २०२५ च्या रविवारी, देवी एकच बसली आणि ती कोणाच्या घरी, हे वर्षाआड ठरवून घेण्यात कोणी खळखळ केली नाही. जी वर्षाआडची सूचना रविवारी सकाळी पारावर फेटाळली गेली होती तीच नंतर चहा पिता पिता मान्य झाली. सामोपचाराचे काम करणाऱ्यांना माझे आग्रहाचे सांगणे आहे, की तंट्याच्या नोंदवहीत जमीन, हद्द, पैसा, मारहाण असे रकाने असतात तिथे तक्रारीच्या वर्षाचा रकाना अवश्य असावा, आणि सर्वांत जुन्या तक्रारीच्या आधीच्या वर्षात काय झाले ते घरातल्या वयोवृद्ध बाईला विचारावे. आमच्या बैठकीला आत्यांना कोणी बोलावले नव्हते. त्या ओट्यावर बसल्या होत्या म्हणून ऐकू आले.

सगळे मिटले असे मात्र नाही. बाभळीचा वाद तसाच आहे आणि तो मोजणीशिवाय सुटणार नाही. संबळ की डीजे, यावर दोन्ही घरांच्या तरुणांचे एकमत होऊन डीजे आला आणि दोन्ही कर्ते त्यावर सारखेच नाराज आहेत. फ्लेक्सवर आता देवीचेच चित्र असते.

नवा प्रश्न थोरल्या घराच्या नातीने उभा केला आहे. ती पुण्याला संगणक कंपनीत नोकरी करते आणि उत्सवाच्या वर्गणीत तिचा वाटा भावाइतकाच असतो. मुलींच्या नावाची मूठ का पडत नाही, असे तिने २०२५ च्या जागरणात सर्वांसमक्ष विचारले. हिंदू वारसा कायद्यात २००५ साली झालेल्या दुरुस्तीने वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीला मुलाइतकाच हक्क दिला आहे. रोटाला तो कायदा लागू होत नाही, परंतु ज्या घराने एक नाव न घेतल्याची किंमत इतकी वर्षे मोजली त्या घराने हा प्रश्न टाळू नये, असे माझे स्पष्ट मत आहे आणि ते मी दोन्ही कर्त्यांना सांगितले आहे. आत्या नातीच्या बाजूने आहेत. आबा आणि जिभाऊ दोघेही विरोधात आहेत, आणि १९८२ नंतर एखाद्या गोष्टीवर या दोघांचे एकमत होण्याची ही पहिलीच वेळ असल्यामुळे, पुढील श्रावणापूर्वीच्या बैठकीत त्यांना समजावण्याचे काम कोणी अंगावर घ्यायचे, हे अजून ठरलेले नाही.